बालीची पाणी-मंदिरे

इंडोनेशियातील बाली बेटावर भातखाचरांना पाणी कधी सोडायचे, हे 'सुबक' नावाचे शेतकरी संघ पाणी-मंदिरांच्या आधाराने ठरवत आले आहेत. अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ स्टीफन लान्सिंग यांचा या व्यवस्थेचा अभ्यास मला मोलाचा वाटतो, कारण त्यांनी तिची केवळ कर्मकांड म्हणून बोळवण केली नाही. १९७० च्या दशकात हरितक्रांतीच्या आग्रहापायी जो तो आपापल्या सोयीने भात लावू लागला, तेव्हा पाण्याची ओढाताण झाली आणि तुडतुड्यांनी पिकांची दाणादाण उडवली. लान्सिंग आणि पर्यावरणशास्त्रज्ञ जेम्स क्रेमर यांच्या संगणकीय प्रारूपातून दिसले की, शेजारची खाचरे एकाच वेळी पड ठेवली तर किडीची उपासमार होते. पण खालच्या खाचरांनाही वेळेवर पाणी मिळाले, तरच सगळ्यांची लावणी आणि पड एकाच वेळी येते. वरच्या अंगाचा शेतकरी खालच्याला पाणी देतो तो त्यामुळेही. निव्वळ परोपकार म्हणून नव्हे!