खिमा भरलेल्या भाज्या ओव्हनमध्ये: आषाढापासून कार्तिकापर्यंतच्या नोंदी

भाजीत मटणाचा खिमा भरून ती ओव्हनमध्ये भाजायची आणि जेवणाआधी हाताने उचलून दोन घासांत संपेल अशा बेताने पाहुण्यांपुढे ठेवायची, या एकाच पदार्थावर गेले काही महिने माझे काम चालू आहे. आधीच्या टप्प्यात सगळे लक्ष मसाल्याकडे होते. या टप्प्यात मसाला जवळपास तोच ठेवून मी भाज्या बदलत गेले आणि त्यातून जे हाती आले ते असे: भाजी आपले पाणी केव्हा सोडते हे एकदा कळले, की तिच्यात खिमा कच्चा भरायचा की शिजवून, कोरडा करून भरायचा, हे ठरवायला अडचण पडत नाही. श्रावणात आमच्याकडे मांसाहार बंद असतो. तेव्हाही मी भाज्या नुसत्या पोकळ करून, मीठ लावून, रिकाम्याच भाजून पाहत राहिले, आणि पाण्याचा हा हिशेब बराचसा त्याच दिवसांत स्पष्ट झाला.

टोमॅटोच्या वजनात सुमारे 94 ते 95 टक्के पाणी असते, ढोबळी मिरची आणि वांग्यात ते सुमारे 92 टक्के आणि कांद्यात सुमारे 89 टक्के. आकडे एकमेकांच्या जवळचे असले तरी प्रत्येक भाजीची ते पाणी धरून ठेवण्याची रीत वेगळी आहे. शिवाय भाजी आणि मांस यांचे शिजण्याचे तापमान जुळत नाही, हा या पदार्थातला मूळ पेच आहे. भाजीच्या पेशी एकमेकींना धरून ठेवणारे पेक्टिन साधारण 85 अंश सेल्सिअसच्या पुढे नीट विरघळू लागते, तर मटणाचा खिमा आतून 71 अंशांना पोचला की खाण्यास सुरक्षित होतो आणि कोंबडीचा खिमा 74 अंशांना. त्याच्याही आधी, 60 ते 65 अंशांच्या आसपासच, मांसातील प्रथिने आवळू लागतात आणि रस बाहेर टाकतात. म्हणजे कच्च्या ढोबळी मिरचीत कच्चा खिमा भरून दोन्ही एकाच वेळी ओव्हनमध्ये ठेवले, तर मिरची मऊ होईपर्यंत खिम्याचा रस खाली गोळा झालेला असतो आणि वर आक्रसलेला, कडांपासून सुटलेला गोळा उरतो. कच्चाच खिमा भरायचा असेल तर यावर दोनच उपाय आहेत. एक तर भाजी आधी अर्धवट शिजवून घ्यायची, नाहीतर खिम्यात असे काही घालायचे की जे सुटणारा रस जागच्या जागी शोषून घेईल. चांगल्या पाककृतींत हे दोन्ही केलेले असते.

खिम्याविषयी थोडे विस्ताराने लिहिते, कारण आपल्याकडे मटण म्हणजे बोकडाचे, आणि ते मुळातच कमी चरबीचे असते. मेंढीच्या किंवा गाईच्या मांसासाठी लिहिलेले प्रमाण त्याला जसेच्या तसे लागू पडत नाही. मी नेहमीच्या दुकानातून खांद्याचे मटण घेते आणि 300 ग्रॅम मांसामागे 40 ते 50 ग्रॅम चरबी वेगळी मागून खिम्यातच काढून घेते. पहिल्यांदा मागितली तेव्हा दुकानातील मामा म्हणाले, “ताई, लोक चरबी काढून टाकायला सांगतात, तुम्ही घालायला सांगता,” पण पदार्थ कोणता आहे हे कळल्यावर त्यांनी स्वतःच खिमा मशीनमधून दोनदा काढायचे सुचवले. छोट्या आकाराच्या भाजीसाठी ती सूचना अगदी योग्य ठरली. हाताने कापलेला खिमा पावाबरोबर खायला उत्तम, पण चमचाभर सारणात त्याचे तुकडे सुटे राहतात.

घरी आणल्यावर खिमा गार असतानाच त्यात पाऊण चहाचा चमचा मीठ घालून तो हाताला चिकटू लागेपर्यंत मळावा. मिठामुळे मांसातील प्रथिने थोडी विरघळतात आणि शिजताना तीच खिमा बांधून ठेवतात. हे मळणे दोन-तीन मिनिटांचे असले तरी टाळू नये. त्यानंतर आले-लसूण, बारीक चिरलेली कोथिंबीर, एक मोठा चमचा काळा मसाला, थोडे भाजलेले सुके खोबरे आणि दोन मोठे चमचे डाळ्याचे पीठ. डाळ्याचे पीठ आधीच भाजलेले असल्यामुळे कच्चे लागत नाही आणि रस चटकन धरते. काळा मसाला मात्र सारणाच्या आतच राहू द्यावा, कारण त्यातील खोबरे आणि दगडफूल आधी एकदा चांगले भाजलेले असते आणि वरून भुरभुरले तर 200 अंशांच्या आचेखाली कडू होते. कच्च्या पपईचा गर खिम्याला लावू नये. बारीक काढलेले मांस त्याने पिठूळ होते.

आता भाज्या. पिंपळगाव बसवंतच्या बाजाराकडून येणारे, लांबच्या वाहतुकीसाठी निवडलेले टणक, जाड सालीचे टोमॅटो या कामाला चांगले आहेत. गर काढावा, आतून मीठ लावून अर्धा तास उपडे ठेवावे आणि खिमा पूर्ण शिजवून, कढईत तेल सुटेपर्यंत परतून मगच भरावा. टोमॅटो भाजताना सतत पाणी सोडत राहतो, त्यामुळे त्यात कच्चा खिमा कधीच नीट बसत नाही. काढलेला गर ट्रेच्या तळाशी पसरला तर तोच पुढे रस्सा होतो. ढोबळी मिरची उभी अर्धी करून, देठ तसाच ठेवून, कापलेली बाजू खाली करून 200 अंशांना दहा-बारा मिनिटे भाजली की अर्धवट मऊ होते आणि मग तिच्यात कच्चा खिमाही चालतो. तथापि दोन घासांच्या आकारासाठी तिच्यापेक्षा भावनगरी मिरची सोयीची, चिरून बिया काढल्या की झाले. बटण मशरूमच्या टोप्या आधी रिकाम्याच, पोकळ बाजू खाली करून भाजाव्यात, म्हणजे पाणी ट्रेमध्ये उतरते. टोपी उलटी ठेवली तर तेच पाणी वाटीत साचते आणि सारण त्यात शिजत राहते.

वांग्याला आपल्याकडे भरण्याची मोठी परंपरा आहे, त्यामुळे माझी सर्वांत जास्त अपेक्षा त्याच्याकडूनच होती. वांग्याचा गर स्पंजासारखा हवेने भरलेला असतो, आणि कच्चे वांगे तेल लावून ओव्हनमध्ये ठेवले तर ते तेल पिऊन बसते. तुर्कस्तानात कार्नियारिक नावाचा प्रकार करतात, त्यात वांगी आधी तळून मऊ करतात, मग पोटाला चीर देऊन शिजवलेला खिमा भरतात आणि शेवटी ओव्हनमध्ये ठेवतात. क्रमाने विचार केला तर ही रीत अगदी तर्कशुद्ध आहे, कारण उष्णतेने हवेच्या पोकळ्या आधीच खचतात. मी तळण्याऐवजी छोटी काटेरी वांगी सालीसकट, टोचे मारून, 220 अंशांना भाजून घेते. चव फार सुरेख येते. मात्र अशी वांगी हातात धरून खाता येत नाहीत, त्यामुळे ती भाकरीबरोबर ताटातच शोभतात आणि या नोंदीपुरती बाजूला राहतात.

आणि कांदा. नाशिक जिल्ह्यात राहून, आशियातील मोठ्या कांदा बाजारांत गणले जाणारे लासलगाव इतके जवळ असताना, कांद्याकडे मी फक्त फोडणीचा जिन्नस म्हणून पाहत होते. पण बोस्नियातील मोस्तार, सीरियातील अलेप्पो आणि इराक या सर्व ठिकाणी कांद्याच्या पाकळ्यांत खिमा भरण्याची जुनी रीत आहे, आणि ती वाचल्यापासून हा प्रयोग मनात होता. आता माझ्या मते खिमा भरण्यासाठी कांद्याइतकी योग्य भाजी आपल्याकडे दुसरी नाही.

रीत अशी. सहा मध्यम कांदे सोलून, शेंडा आणि मूळ कापून टाकावे. मग सुरी वरून खाली धरून एका बाजूने फक्त मध्यापर्यंत एकच उभी चीर द्यावी, कांदा आरपार कापू नये. भरपूर उकळत्या मिठाच्या पाण्यात हे कांदे बारा ते पंधरा मिनिटे ठेवावेत. पाकळ्या सैल होऊ लागतात, चीर थोडी उघडते आणि पांढरा रंग जाऊन कडा काचेसारख्या पारदर्शक दिसू लागतात. बाहेर काढून निथळू द्यावे आणि हाताला सोसेल इतके निवल्यावर एकेक पाकळी अंगठ्याने ढकलून काढावी. ती स्वतःच्याच वळणाने हातात गुंडाळली जाते, आपल्याला फक्त त्या वळणाच्या पोटात चमचाभर सारण ठेवून तिला परत मिटू द्यायचे असते. एका कांद्यातून चार-पाच वापरण्याजोग्या पाकळ्या मिळतात. आतला छोटा गाभा बारीक चिरून खिम्यातच जातो. या सारणात डाळ्याच्या पिठाबरोबर दोन मोठे चमचे अर्धकच्चा शिजवलेला तांदूळ घालावा. इगतपुरीकडचा इंद्रायणी मला सर्वांत आवडला, कारण तो मुळात चिकट असल्याने रसही शोषतो आणि सारणही बांधतो. पाकळ्या पूर्ण गार झाल्याशिवाय कच्चा खिमा भरू नये. कोमट पाकळीत कच्चे मांस फार वेळ राहणे धोक्याचे आहे.

कांद्यात कच्चा खिमा इतका चांगला शिजतो, याचे कारण पहिल्या उकळीतच आहे. तिखटपणा कांद्यात तयार स्वरूपात नसतो. पेशी कापल्या गेल्या की एका विकराच्या (एन्झाइमच्या) क्रियेने तो निर्माण होतो, आणि अखंड कांदा उकळला की तो विकर आधीच निकामी होतो. पाकळी तोवर मऊ झालेली असते, म्हणजे भाजी आणि मांस यांच्या तापमानाचा पेच ओव्हनपर्यंत पोचतच नाही. ओव्हनमध्ये फक्त खिमा शिजायचा, पाकळीतील उरलेले पाणी आटायचे आणि साखर वर येऊन कडा तांबूस व्हायच्या, एवढेच बाकी राहते.

भरलेल्या पाकळ्या मिटलेली बाजू खाली करून ट्रेमध्ये एकमेकींना खेटून लावाव्यात, म्हणजे उलगडत नाहीत. अर्धी वाटी मटणाचे पाणी, त्यात एक मोठा चमचा चिंचेचा कोळ आणि लिंबाएवढा गूळ विरघळवून तळाशी ओतावे. पश्चिम आशियात याच कामाला चिंच किंवा डाळिंबाचा आटवलेला रस वापरतात. ट्रेवर फॉइल घट्ट बसवून 180 अंशांना 35 ते 40 मिनिटे, मग फॉइल काढून 200 अंशांना 15 ते 20 मिनिटे. मधल्या एखाद्या पाकळीत थर्मामीटर खुपसून 71 अंशांच्या वर गेल्याची खात्री करावी. शेवटच्या पाच मिनिटांत तळाचा रस ब्रशने दोनदा वरून लावला की पाकळीवर तकाकी येते आणि कडेला चिंचगुळाची किंचित करपलेली, अतिशय चविष्ट रेघ राहते.

कोणता कांदा घ्यायचा, हा प्रश्न आपल्या जिल्ह्यात तरी फार महत्त्वाचा आहे. मार्च ते मे या काळात निघणारा आणि चाळीत, म्हणजे कांदे साठवण्याच्या हवेशीर शेडमध्ये, साठवलेला उन्हाळ कांदा घट्ट असतो, त्याच्या पाकळ्या जाड असतात आणि साठवणीत त्याचे थोडे पाणीही उडालेले असते. आषाढापासून मी तोच वापरत आले. दिवाळीच्या आसपास खरिपाचा लाल कांदा येऊ लागला, तेव्हा तोही लावून पाहिला. त्यात पाणी जास्त, पाकळी पातळ, म्हणून त्याला उकळत्या पाण्यात आठ-नऊ मिनिटेच पुरतात आणि ट्रेमध्ये मटणाचे पाणी निम्मेच घालावे लागते. रंग मात्र त्याचा अधिक खुलतो. चाळीतील शेवटच्या कांद्यांना कोंब फुटू लागलेला असेल तर ते या कामाला घेऊ नयेत, त्यांच्या आतल्या पाकळ्या बुळबुळीत होतात. बुधवारी नाशिकच्या गंगेवरच्या, म्हणजे गोदाकाठच्या, बाजारात मी कांदे हाताने निवडते, मानेशी बारीक आणि पोटाशी गोल असलेले, कारण लांबट कांद्याची पाकळी नीट मिटत नाही.

द्राक्षाच्या पानांबद्दल आपल्यातील काहींनी विचारले होते. पानांत खिमा गुंडाळणे हीच या सगळ्या कुटुंबातील सर्वांत प्रसिद्ध रीत आहे. अझरबैजानच्या डोल्मा (पानांत किंवा भाज्यांत सारण भरण्याच्या) परंपरेला 2017 मध्ये युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत स्थानही मिळाले. एप्रिलच्या खरड छाटणीनंतर आणि ऑक्टोबरच्या छाटणीनंतर आपल्या बागांत कोवळी पाने हवी तितकी असतात, पण केवडा आणि भुरी या रोगांपासून घड वाचवण्यासाठी त्याच पानांवर औषधांच्या फवारण्या होतात, आणि त्या फवारण्यांचे वेळापत्रक द्राक्ष खाण्याच्या हिशेबाने आखलेले असते, पान खाण्याच्या नव्हे. म्हणून बागेतील पाने कोणी प्रेमाने दिली तरी खाऊ नयेत असे माझे स्पष्ट मत आहे. ज्यांच्या अंगणात स्वतःचा, कसलीही फवारणी न केलेला वेल आहे, त्यांनी जरूर करावे आणि कळवावे.

ओटीजीविषयी, म्हणजे घरातल्या छोट्या विजेच्या ओव्हनविषयी, एकच गोष्ट. बटणावरचे 180 आणि आतले 180 यांत बराच फरक पडू शकतो, म्हणून जाळीवर ठेवायचा छोटा थर्मामीटर घेणे हा या छंदातील सर्वांत उपयोगी खर्च आहे. झाकलेल्या टप्प्यात ट्रे मधल्या खणात, आणि फॉइल काढल्यावर वरच्या खणात.

पाहुणे येणार असतील तर पाकळ्या आदल्या रात्री भरून, झाकून फ्रिजमध्ये ठेवता येतात. मग गार ट्रेला झाकलेल्या टप्प्यात दहा-बारा मिनिटे अधिक द्यावी लागतात आणि चिंचगुळाचे पाणी ओव्हनमध्ये ठेवतानाच ओतावे. ओव्हनमधून काढल्यावर दहा मिनिटे ट्रेमध्येच राहू द्यावे, तेवढ्यात सारण घट्ट धरते आणि उचलताना सुटत नाही. बरोबर घट्ट दही, त्यात ठेचलेला लसूण आणि मीठ, एवढे पुरे होते. जानेवारीत रांगडा, म्हणजे खरीप आणि उन्हाळ यांच्या मधल्या हंगामाचा, कांदा बाजारात आला की त्याचे उकळण्याचे मिनिट आणि ट्रेमधल्या पाण्याचे माप लाल कांद्याच्या शेजारी मांडून कळवीन. त्याच वेळी कोंबडीच्या मांडीचा खिमाही याच पाकळ्यांत लावून पाहायचा आहे.