पैसा आत येताना कुणी काही विचारत नाही

परवा एका मित्राशी परत तोच वाद झाला. त्याचं म्हणणं सरळ होतं, चलन घसरायला लागलं की मध्यवर्ती बँकेने व्याजदर वाढवायचे, मग परदेशी पैसा परत येतो आणि चलन सावरतं. मला हे अर्धवट वाटतं, आणि बोलताना नीट मांडता येत नाही म्हणून इथे सविस्तर लिहितोय.

माझं म्हणणं असं की उगवत्या अर्थव्यवस्थांमध्ये परदेशी पैसा बाहेर जायला लागतो तेव्हा सगळे जागे होतात, पण संकटाचं बी पेरलं जातं ते पैसा आत येत असताना, शेअर बाजार वर, चलन मजबूत, कर्ज स्वस्त, सगळे खूश असतात तेव्हा. पैसा पळायला लागल्यावर व्याजदर वाढवणं म्हणजे पूर आल्यावर बांध घालायला बसण्यासारखं आहे.

थायलंडचंच बघा. तिथे चलन साधारण 25 बाट एक डॉलर या दराला बांधलेलं होतं. बाटमधल्या कर्जाचं व्याज जास्त, डॉलरच्या कर्जाचं कमी, आणि दर हलणार नाही याची जणू सरकारनेच हमी दिलेली, मग कंपन्या आणि बँका डॉलरमध्येच कर्ज घेणार ना! समजा एका बिल्डरने 10 लाख डॉलर उचलले. ते त्याच्या वहीत अडीच कोटी बाट, त्यातून इमारत उभी राहते, भाडं येतं ते बाटमध्ये. दर 25 आहे तोवर सगळं सुरळीत. 1996 मध्ये देशाची चालू खात्यावरची तूट (म्हणजे निर्यात वगैरेतून आत येतं त्याहून आयात वगैरेवर जास्त बाहेर जातं तो फरक) जीडीपीच्या 8 टक्क्यांच्या आसपास गेली होती आणि ती भरून निघत होती ती मोठ्या प्रमाणात अशाच उसन्या, कमी मुदतीच्या पैशातून.

मग 1997 मध्ये बाटवर सट्टेबाजांचा हल्ला झाला, म्हणजे तो पडणार या अंदाजाने त्यांनी तो विकायला सुरुवात केली, आणि मध्यवर्ती बँकेने दर टिकवण्यासाठी फॉरवर्ड बाजारात डॉलर विकले. म्हणजे आत्ता डॉलर द्यायचे नाहीत, नंतर देऊ असं कबूल करायचं, त्यामुळे गंगाजळीचा, म्हणजे बँकेकडच्या परकीय चलनाच्या साठ्याचा, जाहीर आकडा फारसा हलत नाही. जून 1997 च्या अखेरीस कागदावर 30 अब्ज डॉलरहून जास्त साठा दिसत होता, पण कबूल केलेले सौदे वजा केले तर हाताशी उरत होते जेमतेम 2.8 अब्ज. 2 जुलैला त्यांना बाट मोकळा सोडावा लागला. जानेवारी 1998 पर्यंत डॉलर 50 बाटच्याही वर गेला होता, म्हणजे आपल्या त्या बिल्डरचं अडीच कोटींचं कर्ज पाच कोटींच्या वर गेलं, इमारत तीच, भाडं उलट कमी झालेलं. आता यात व्याजदर वाढवून कुणाला वाचवणार? वाढवले तर बाटमध्ये कर्ज घेतलेला मेला, नाही वाढवले तर डॉलरमध्ये घेतलेला. हे वाचलं की मला अजूनही वाईट वाटतं, कारण यात ज्यांच्या नोकऱ्या गेल्या त्यांनी एक डॉलरही कधी उसना घेतला नव्हता.

पुस्तकात आपल्याला त्रिकोण शिकवतात, स्थिर विनिमय दर, मोकळी भांडवली ये-जा आणि स्वतंत्र पतधोरण, यातल्या कुठल्याही दोनच गोष्टी एका वेळी मिळतात. म्हणजे चलन तरंगतं ठेवलं, त्याचा दर बाजारावर सोडला, की व्याजदर आपल्या हातात. पण 2013 मध्ये अर्थतज्ज्ञ एलेन रे यांनी जॅक्सन होलला, मध्यवर्ती बँकांच्या वार्षिक परिषदेत, मांडलं की भांडवल मोकळं असेल तर चलन तरंगतं ठेवूनही फारशी सुटका नाही, कारण जोखीम घ्यायची जगाची हौस एका तालात वरखाली होते आणि तो ताल बराचसा अमेरिकेच्या पतधोरणावर ठरतो. मला हे पूर्ण पटत नाही, तरंगतं चलन थोडा तरी धक्का शोषून घेतंच, पण मुद्दा खोटा नाही. त्याच वर्षी 22 मे ला अमेरिकेच्या मध्यवर्ती बँकेचे, म्हणजे फेडचे, तेव्हाचे अध्यक्ष बर्नान्के एवढंच म्हणाले होते की महिन्याला 85 अब्ज डॉलरची बॉण्डखरेदी पुढच्या बैठकांमध्ये कमी होऊ शकते. प्रत्यक्षात कमी करायचा निर्णय डिसेंबरमध्ये झाला. तोवर रुपया 55 च्या आसपासवरून ऑगस्टअखेर जवळजवळ 69 पर्यंत जाऊन आला होता, आणि ब्राझील, इंडोनेशिया, तुर्कस्तान, दक्षिण आफ्रिका सगळीकडे तीच धावपळ. घरातलं काहीही बदललेलं नसताना!

मग येतानाच अडवायचं का? अडवता येतं, पण सोपं नाही. चिलीने 1991 पासून परदेशी पैशाचा काही भाग, आधी 20 आणि मग 30 टक्के, मध्यवर्ती बँकेत बिनव्याजी ठेवायला लावला. त्याने एकूण पैसा फार कमी झाला नाही पण कमी मुदतीचा कमी आणि लांब मुदतीचा जास्त येऊ लागला, आणि माझ्या मते हेच तर हवं असतं. थायलंडनेही डिसेंबर 2006 मध्ये असाच 30 टक्क्यांचा नियम आणला, तर दुसऱ्याच दिवशी शेअर बाजार 15 टक्क्यांच्या आसपास कोसळला आणि संध्याकाळपर्यंत शेअर्सना सूट द्यावी लागली. त्यात शेअर आणि बॉण्ड सगळ्यांना एकाच मापाने मोजलं आणि तेही अचानक, ही चूक होती असं मला वाटतं. पण यावरून भांडवल नियंत्रण चालतच नाही असं म्हणणारे लोक चिलीचं नाव घेत नाहीत. आयएमएफने (आंतरराष्ट्रीय नाणेनिधीने) सुद्धा 2012 मध्ये काही परिस्थितीत अशी बंधनं योग्य ठरू शकतात हे मान्य केलं.

दुसरा रस्ता म्हणजे येणारे डॉलर मध्यवर्ती बँकेने विकत घेऊन साठवायचे. पण डॉलर घेताना स्वतःचं चलन बाजारात सोडावं लागतं, ते शोषायला बॉण्ड विकायचे, त्यावर समजा 7 टक्के द्यायचे आणि साठवलेल्या डॉलरवर 2 टक्के मिळवायचे. मधले 5 टक्के दरवर्षी जातात. विमा आहे हा, मी तो घ्यावा याच मताचा आहे, पण त्याचा हप्ता असतो हे कुणी सांगत नाही.

गंमत म्हणजे 2022 ला फेडने व्याजदर झपाट्याने वाढवले तरी बरेच मोठे उगवते देश टिकले. ब्राझीलने मार्च 2021 मध्येच 2 टक्क्यांवरून दर वाढवायला सुरुवात केली, फेडच्या वर्षभर आधी, आणि ऑगस्ट 2022 पर्यंत 13.75 वर नेला. पण त्यात एकट्या व्याजदराचं श्रेय नाही, ब्राझील सरकारचं बहुतेक कर्ज स्वतःच्या चलनात होतं आणि गंगाजळी भरलेली होती, ते काम आधीच्या वर्षांत झालेलं. श्रीलंका आणि घानावर डॉलरमधलं कर्ज होतं, दोघांनाही त्याच वर्षी परदेशी देणी थांबवावी लागली. अर्थात स्वतःच्या चलनातलं कर्जही पूर्ण सुरक्षित नाही, ते बॉण्ड परदेशी फंडांच्या हातात असतील तर चलन पडल्यावर त्यांचं दुहेरी नुकसान होतं, बॉण्डची किंमतही पडते आणि चलनही, मग ते आणखी जोरात विकतात.

मित्राने शेवटी विचारलं, मग तू बघतोस तरी काय? थायलंडनंतर, 1999 मध्ये, आयएमएफने गंगाजळीचा एक ठराविक तक्ता आणला, त्यात फॉरवर्ड सौदेही दाखवावे लागतात. पहिल्या भागात साठ्याचा तो मोठा आकडा असतो, बातमी त्याचीच होते. मी दुसरा भाग आधी उघडतो, कारण कबूल केलेले डॉलर तिथे असतात.