जरा धूर काढा ना!

गोव्याच्या पावसाळ्यात निगेटिव्हचा डबा उघडायला धीर लागतो. आत टाकलेली सिलिका जेलची निळी पुडी श्रावण लागायच्या आत गुलाबी पडलेली असते. ती जेल ओव्हनमध्ये ११०-१२० अंशांवर दोनेक तास तापवली की पुन्हा निळी होते, तिचं काही बिघडत नाही. बिघडतं फिल्मचं. एकदा बुरशी धरली की ती जिलेटिन खाते, आणि अशी पट्टी कोणी हौसेनं पाण्याखाली धुवायला घेतली, तर बुरशीबरोबर चित्रही वाहून जातं. फिल्म क्लीनर, मऊ कापड आणि देवाचं नाव, एवढाच इलाज.

परवा दुपारी अशा साफसफाईत वाफेच्या इंजिनांच्या पट्ट्या उजेडाला धरल्या आणि एक गोष्ट खटकली. कोणी कुठेही काढलेला असो, ज्या फोटोला लोक ‘वा’ म्हणतात, त्यात धुराचा काळाकुट्ट लोट आभाळापर्यंत गेलेला असतो. आणि लोको शेडमधला कोणताही जुना माणूस तोच फोटो बघून विचारेल, फायरमन (आगीवर कोळसा टाकणारा) कोण होता हा?

काळा धूर म्हणजे न जळलेला कोळसा. ताजा कोळसा आगीवर पडला की आधी त्यातले वायू सुटतात. त्यांना पुरेशी हवा आणि पुरेशी धग मिळाली नाही की ते तसेच धुरांड्यातून बाहेर पडतात. म्हणून थोडं थोडं, पण वारंवार टाकायचं. जिथे आग पांढरी दिसते तिथेच फावडं रिकामं करायचं, मागचे दोन कोपरे भरलेले ठेवायचे, दर फावड्याला आगीचं दार लोटायचं आणि मान वर करून धुरांड्याकडे बघायचं. फिकट राखाडी झाक दिसली की काम बरोबर चाललंय. अगदीच काही दिसत नसेल तर हवा जास्त होतेय किंवा आग पातळ झालीय. आणि दहा-बारा फावडी एकदम ढकलून फायरमन टेकला, की फोटोवाल्यांची दिवाळी.

खिडकीत बसल्यावर डोळ्यात जाणारी कणी हीदेखील त्यातलीच. इंजिन जोरात ओढत असलं की धुरांड्यातून सुटणाऱ्या वाफेच्या फटकाऱ्यानं आग वर खेचली जाते आणि अर्धवट जळलेले बारीक तुकडे बॉयलरच्या नळ्यांतून थेट बाहेर येतात. पदराचा बोळा करायचा, त्यावर तोंडाची वाफ द्यायची, डोळा शेकायचा, ‘चोळू नको म्हणून सांगितलं होतं ना!’ हे ऐकून घ्यायचं. पुढच्या स्टेशनवर डोकं पुन्हा खिडकीबाहेर. पांढरे कपडे घालून प्रवासाला निघणारा माणूस बहुधा पहिल्यांदाच निघालेला असायचा.

आपली मुरगावची लाइन १८७८च्या अँग्लो-पोर्तुगीज करारातून आली, मीटरगेज. १९५५ साली नाकेबंदीत पलीकडची वाहतूक तुटली, ती मुक्तीनंतरच पुन्हा जोडली गेली. वास्को, मडगाव, चांदोर, सावर्डे, काले इथपर्यंत सगळं सपाटीचं काम. खरी परीक्षा कुळे सोडल्यावर. तिथून कॅसलरॉकपर्यंत घाट, सदतीस फुटांमागे एक फूट चढ. मागून ढकलायला बँकर लावल्याशिवाय जड गाडी वर जात नाही. दुधसागरच्या पुलामुळे हा घाट आता मोबाइलमोबाइलवर पोचलाय, पण वाफेच्या काळात तिथे फोटो काढणं हे फार कटकटीचं काम होतं.

एक तर दिशा. खनिजानं भरलेल्या गाड्या घाट उतरून मुरगावला जाणार. उतरणीवर इंजिन मुकं असतं, वाफ सोडणारा रेग्युलेटर बंद, सगळी भिस्त ब्रेकवर. बघण्यासारखं असलंच तर ब्रेकच्या ठोकळ्यांतून निघणारा धूर. जोर लावणारं इंजिन पाहिजे तर चढणारी गाडी पकडायला हवी, आणि चढणारी गाडी पूर्वेकडे तोंड करून जाते. सकाळी सूर्य सह्याद्रीच्या मागे, त्यामुळे पश्चिम उतारावर ऊन उशिरा येतं. दुपारनंतर भरपूर ऊन, पण ते गाडीच्या पाठीवर, इंजिनाचं तोंड सावलीत. बरं, वाफ बघावी तर ती पहाटेच्या गारव्यातच जमते. धुरांड्यातून निघते तेव्हा वाफ दिसतच नाही. दिसतात ते गारठून झालेले पाण्याचे थेंब. हवा गार आणि ओलसर असेल तर ते टिकतात, एप्रिलच्या दुपारी चार हातांवर विरून जातात. म्हणजे वाफ असते तेव्हा ऊन नसतं, ऊन येतं तोवर वाफ गेलेली. घाटात रूळ मात्र इतके वळतात, की एखाद्या वळणावर पूर्वेला निघालेली गाडी चक्क पश्चिमेकडे तोंड फिरवते. तेवढं वळण शोधायचं, डिसेंबरातला दिवस धरायचा आणि गाडी वेळेवर नसेल हे गृहीत धरायचं. स्टेशनात आणि पुलावर फोटोला परवानगी लागायची, ते वेगळंच.

पावसात? वाफ भरपूर, उजेड नाही. कमी उजेडात चालणारी चारशेची फिल्म घातली तरी झाडीत एक साठांश सेकंद आणि २.८ वर, म्हणजे भिंगाचं छिद्र मोठं करून, यावं लागतं. गाडी ताशी १८ किलोमीटरनं चढत असेल तर ती सेकंदाला ५ मीटर जाते, आणि एक साठांशात ८ सेंटिमीटर. समोरून तिरकं उभं राहिलं तर हे खपतं, बाजूनं काढलं तर नंबरप्लेट पुसलेली. स्वच्छ उन्हात तीच फिल्म एक पाचशेअंशाला १६ वर चालते, पण काळं इंजिन मागतं ११. इंजिनाचं मानलं की वाफ कागदावर निव्वळ पांढरी येते. मग डेव्हलपिंगचा वेळ पाचव्या हिश्शानं कमी करा आणि प्रिंट काढताना वाफेवर जास्तीचा उजेड द्या. आग्फाच्या क्लिक थ्रीवर यातलं काहीच करता यायचं नाही. वेग एकच, ऊन नाहीतर ढग एवढीच निवड, एका रोलवर १२ फोटो. त्यात इंजिन यायचं ते फलाटावर उभं असलेलं, पुढे भावंडं रांगेत.

आणखी एक खूळ आहे, ते चालत्या इंजिनाचे फोटो काढणाऱ्यालाच कळेल. चाकांना जोडणारे दांडे खाली असतानाच बटण दाबलं पाहिजे, वर असताना इंजिन अवघडल्यासारखं दिसतं. मीटरगेजच्या वायजी इंजिनाचं चाक ४ फुटांचं, म्हणजे एका फेऱ्यात जवळजवळ ३.८ मीटर. ताशी १८च्या वेगाला सेकंदात एकाहून थोडे जास्त फेरे. एका फेऱ्यात चार फटकारे पडतात, ते कानानं मोजत बोट ठेवायचं. हे खूळ योग्य आहे असं माझं ठाम मत आहे, कारण विचारू नका.

तर मुद्दा धुराचा होता. चित्तरंजनच्या कारखान्यातून ब्रॉडगेजचं शेवटचं वाफेचं इंजिन १९७०मध्ये बाहेर पडलं, नाव ठेवलं ‘अंतिम सितारा’. मीटरगेजचं शेवटचं १९७२चं. त्यानंतर उरला तो उतार. मरणाच्या यादीत गेलेल्या इंजिनावर कोण जीव ओतणार? वाफ अडवणारं ग्लँडचं पॅकिंग वेळेवर बदललं नाही की पिस्टनच्या दांड्याशी वाफ गळते आणि पुढची चाकं पांढऱ्या ढगात बुडतात. सुंदर दिसतं. पावसात, चाकं घसरू नयेत म्हणून रुळावर वाळू सोडणाऱ्या नळ्या ओलीनं चोंदतात, रूळ निसरडे, चाकं जागच्या जागी गरगर फिरतात आणि एकाच दणक्यात आग उसकटून धुरांड्यातून ठिणग्या उडतात. अप्रतिम दिसतं. सेफ्टी व्हॉल्व्ह फुसफुसून पाणी, कोळसा, मेहनत हवेत सोडतो, तेही छान येतं फोटोत. शेवटच्या वर्षांचे म्हणून जे फोटो आपण बघतो, त्यांतलं निम्मं सौंदर्य हे इंजिनाचं दुखणं आहे.

चीनमध्ये तर हे पार टोकाला गेलं. आतल्या मंगोलियातल्या जितोंग रेल्वेवर २००५पर्यंत क्यूजे जातीची अजस्र इंजिनं धावत होती, जिंगपेंगच्या घाटात दोन-दोन जोडून. थंडी उणे २०च्याही खाली, त्यामुळे वाफेचे डोंगर. जगभरातून माणसं तिथे तिपाई रोवायला गेली. फोटोसाठी खास गाडी ठरवायची, ती मागे नेऊन पुन्हा पुढे आणायची, आणि ठरलेल्या जागी ड्रायव्हरला सांगायचं, धूर काढा. जन्मभर धूर न काढायला शिकलेल्या माणसाला!

त्यापेक्षा अमेरिकेतला ओ. विन्स्टन लिंक मला प्रामाणिक वाटतो. त्यानं १९५५ ते ६० या काळात नॉरफोक अँड वेस्टर्नची शेवटची इंजिनं टिपली, बहुतेक रात्री आणि फ्लॅशबल्ब लावून. रात्री काळा धूर आकाशातच हरवतो; पांढरी वाफ तेवढी उठते. १९५६च्या त्याच्या प्रसिद्ध फोटोत, मोटारीत बसून बघायच्या सिनेमाशेजारून इंजिन धावतंय, त्यासाठी ४३ बल्ब एकदम उडवले. एवढ्या लखलखाटात पडद्यावरचं चित्र धुऊन निघालं, म्हणून पडद्यावरचं विमान त्यानं नंतर डार्करूममध्ये बसवलं. असो, प्रामाणिक हा शब्द मागे घ्यायला हवा बहुधा.

या सगळ्यात इंजिनावरच्या माणसाचा फोटो कमी. घाटातल्या बोगद्यात बँकरवाल्यांचे हाल सर्वांत जास्त, कारण पुढच्या इंजिनाचा सगळा धूर बोगद्यात भरून राहिलेला असतो आणि त्यात यांच्या स्वतःच्या धुराची भर. तोंडावर ओलं फडकं धरून श्वास आखडायचा. तिथे फोटो कोण काढणार, आणि दिसणार काय! बाहेर आल्यावरही फायरमनचा चेहरा उजळतो तो फक्त आगीचं दार उघडतं तेव्हा, जेमतेम सेकंदभर. कॅमेरेवाला म्हणतो, जरा उघडं राहू दे. पण दार उघडं राहिलं की गार हवा थेट नळ्यांच्या तोंडावर जाते, तापलेलं लोखंड आकसतं, सांधे सैल होतात आणि नळ्या गळू लागतात. बॉयलरमध्ये दर चौरस इंचाला २१० पौंडांचा दाब असताना ते कोणालाच नको असतं. तेव्हा फायरमन कॅमेऱ्याकडे न बघता दार लोटून द्यायचा. बरोबर करायचा.