आई-बाबा जिवंत असलेला सुपरमॅन

माझं कॉमिक्सचं कपाट बघून पाहुणे हमखास विचारतात, ‘‘सुपरमॅनची गोष्ट दर थोड्या वर्षांनी नव्याने सुरू करतात म्हणे. मग खरा सुपरमॅन कोणता?’’ तुम्हीही विचारलंत म्हणून सांगतो.

शाळेत असताना रद्दीवाल्याकडून दोन अंक आणले होते, एकाला तर कव्हरच नव्हतं. एकात क्लार्क केंटचे, म्हणजे साध्या वेशातल्या सुपरमॅनचे, त्याला सांभाळून वाढवणारे आई-बाबा केव्हाच वारलेले. दुसऱ्यात, त्या बिनकव्हरच्या अंकात, तोच क्लार्क शेतावरच्या घरी दोघांशी गप्पा मारत बसलेला! मला वाटलं, छापणाऱ्यांचा घोळ. घोळ नव्हता, मध्ये १९८६ साल होतं.

सुपरमॅन छापणाऱ्या डीसी कंपनीने तेव्हा आपल्या गोष्टींतल्या असंख्य समांतर विश्वांचा पसारा आवरला आणि सुपरमॅन जॉन बर्न या लेखक-चित्रकाराच्या हाती दिला. ‘द मॅन ऑफ स्टील’च्या सहा अंकांत बर्नने त्याची ताकद आटोक्यात आणली, सुपरमॅनचा शत्रू, वेडा शास्त्रज्ञ लेक्स लूथर गडगंज उद्योगपती झाला. पण माझ्या लेखी मोठं काम एकच: म्हातारा-म्हातारीला जगवलं.

१९३८च्या पहिल्या गोष्टीत केंट नावाचं कुणी नाहीच. रस्त्याने जाणारा एक मोटारवाला बाळाला अनाथाश्रमात पोचवतो, संपलं. पुढच्याच वर्षी केंट जोडपं आलं आणि लगेच गेलंही, का तर त्यांच्या जाण्याने पोराचा निर्धार पक्का व्हावा. बर्नच्या गोष्टीत क्लार्क पहिल्यांदा चारचौघांत एक अंतराळविमान वाचवतो, आणि गर्दी त्याच्यावर तुटून पडते. ज्याला त्याला त्याच्याकडून काहीतरी हवंय. एवढा बलदंड गडी, पण भेदरून घर गाठतो. मग आई, मार्था, त्याला पोशाख शिवून देते. आता तो पोशाख घालून जगासमोर जायचं, क्लार्क म्हणून नाही.

२०११मध्ये डीसीने ‘न्यू ५२’ नावाने नवी सुरुवात केली आणि पुन्हा सगळं पुसलं. प्रेयसी लोइसशी १९९६मध्ये झालेलं लग्न गेलं, लाल चड्डी गेली, केंट आई-बाबा कार अपघातात गेले. बोंबाबोंब झाली ती चड्डीची! २०१८मध्ये ‘ॲक्शन कॉमिक्स’ या सुपरमॅनच्या कॉमिक मालिकेच्या हजाराव्या अंकात ती परतली. आई-बाबांना परतायला मात्र २०१९ उजाडलं.

तेव्हा माझा खरा सुपरमॅन त्या बिनकव्हरच्या अंकातला. हवा तर न्या वाचायला. पानं सुटलीत, तेवढं सांभाळा.