स्टेटमेंटमधली ती इन्शुरन्सची एंट्री नक्की कसली?

स्टेटमेंट उघडलं की मधेच एखादं अर्धवट छापलेलं नाव दिसतं, पुढे लांबलचक नंबर, आणि पैसे मात्र गेलेले. घाबरून लगेच फ्रॉड समजू नका. जागा कमी असते म्हणून नाव तोडून छापतात, कधी तर पॉलिसीवर एक नाव आणि स्टेटमेंटवर पेमेंट गोळा करणाऱ्या दुसऱ्याच कंपनीचं. आधी तो नंबर पॉलिसीच्या कागदाशी जुळतो का बघा, मग मागच्या महिन्यांत, नाहीतर गेल्या वर्षी याच तारखेच्या आसपास तेवढीच रक्कम गेली होती का तेही, कारण वर्षातून एकदाच कटणारा प्रीमियम आपण हमखास विसरतो. लोन किंवा कार्ड घेताना भराभर सह्या केल्या असतील तर त्यातच एखादा विमा चिकटवलेला असतो, हा प्रकार मला अजिबात पटत नाही.

काहीच जुळलं नाही तर बँकेला मँडेटची, म्हणजे खात्यातून आपोआप पैसे कापायला दिलेल्या परवानगीची, माहिती मागा आणि लेखी तक्रार टाका, उशीर नको. आणि हो, नुसता ऑटो डेबिट बंद केला म्हणजे पॉलिसी रद्द झाली असं नाही हां, हप्ता थकतो, ग्रेस पिरियड, म्हणजे हप्ता भरायची वाढीव मुदत, संपला की कव्हर जातं, म्हणून कंपनीलाही वेगळं कळवा.