कोऱ्या चहाच्या रंगाची लघवी

ऑगस्ट अर्धा सरला होता आणि खानापूरकडचा पाऊस अजून ओसरला नव्हता. त्या दिवशी बेळगावातील माझ्या प्रयोगशाळेत जांबोटीच्या बाजूच्या एका खेड्यातून आठ वर्षांचा मुलगा आईबरोबर आला. आईने पिशवीतून औषधाची जुनी बाटली काढून टेबलावर ठेवली. आतील लघवीचा रंग कोऱ्या चहासारखा होता. आधी दाखवले तेथे मुतखड्याची शंका घेतली होती, तर शेजारणीने उन्हाळी लागली असेल असे सांगून दोन दिवस धण्याचे पाणी पाजायला लावले होते. (भर पावसाळ्यात उन्हाळी लागणे आपल्याच भाषेला जमते.) मुलाला ना पोटदुखी होती ना जळजळ, पापण्या मात्र सुजलेल्या होत्या.

बाटलीतील लघवी पहाटे सहाची होती आणि आता दहा वाजून गेले होते. मला जे शोधायचे होते ते इतका वेळ टिकत नाही, म्हणून मी ताजा नमुना मागितला. मुलाला लघवी होईना. माझा मदतनीस तांब्याभर पाणी घेऊन आला, त्याला मी थांबवले. तोंडावर सूज आणि लघवी कमी, अशा मुलाच्या अंगात आधीच नको तितके पाणी साचलेले असते.

"मग पाणी पाजायचंच नाही होय, बाई? ते तर मूत्रपिंड धुऊन काढतंय म्हणतात की," आईने विचारले. प्रश्न रास्त होता आणि वेळही हाताशी होता. मी तिला म्हटले, दसऱ्याला तुम्ही घरातले सगळे सामान अंगणात काढता, हवे ते पुसून परत आत घेता आणि मोडके तेवढे बाहेर राहते. मूत्रपिंडाचे काम त्याच रीतीने चालते. प्रत्येक मूत्रपिंडात सुमारे दहा लाख नेफ्रॉन, म्हणजे गाळणी आणि तिला जोडलेली नळी, असतात. प्रत्येकाच्या तोंडाशी केशवाहिन्यांचा एक गुंता असतो, मिलिमीटरच्या पाचव्या भागाएवढा, आणि त्याला पेल्यासारखी पिशवी वेढून असते. रक्तातील पाणी, क्षार, साखर, युरिया हे सगळे या गुंत्यातून पिशवीत गाळले जाते. मोठ्या माणसात दिवसाला सुमारे १८० लिटर. म्हणजे शरीरातला जेमतेम तीन लिटर रक्तद्रव रोज साठ वेळा अंगणात काढायचा. पिशवीपासून निघालेली वळणावळणाची नलिका त्यातले नव्व्याण्णव टक्के पाणी आणि जवळजवळ सगळी साखर परत आत घेते. उरते ती दीड-दोन लिटर लघवी. "रोज साठ दसरे!" एवढेच म्हणून ती गप्प बसली.

हे गुंते इटलीच्या मार्चेल्लो माल्पिघी यांनी १६६६ मध्येच वर्णिले होते. पण भोवतालची पिशवी ही नलिकेचीच सुरुवात आहे हे विल्यम बोमन यांनी १८४२ मध्ये दाखवून दिले. मधली पावणेदोनशे वर्षे गाळणी आणि नळी यांचा सांधा नेमका कोणाला उमगला नव्हता, याचे मला दर वेळी नवल वाटते, कारण माझे त्या दिवसाचे सगळे निदान त्याच सांध्यावर उभे होते.

अर्ध्या तासाने थोडासा नमुना मिळाला. सेंट्रिफ्यूजमध्ये पाच मिनिटे फिरवून तळाच्या गाळाचा थेंब मी काचेच्या पट्टीवर घेतला आणि सूक्ष्मदर्शकाखाली ठेवला. तांबड्या पेशी अपेक्षेप्रमाणे भरपूर होत्या, पण त्यांच्याने काही ठरत नाही. खड्याने खरचटले तरी त्या दिसतात. मात्र यांतल्या बऱ्याच वेड्यावाकड्या होत्या, काहींना कानांसारखे फुगवटे आले होते. गाळणीला तीन थर असतात: केशवाहिनीचे सच्छिद्र अस्तर, त्याबाहेरचा पातळ पायापडदा आणि त्यावर बोटांत बोटे गुंतवून बसलेल्या पेशी. धड गाळणीतून तांबडी पेशी जात नाही. पडदा फाटला तर ती फटीतून चेंगरून निघते आणि पुढे नलिकेतल्या खारट द्रवात आणखी वाकडी होते.

आणि मग, पट्टीच्या कडेला, ती कांडी दिसली. नारिंगी-तपकिरी, दोन्ही कडा समांतर, आत तांबड्या पेशी ठासून भरलेल्या. हिला आम्ही रेड सेल कास्ट म्हणतो. नलिकेच्या एका भागातून युरोमोड्युलिन नावाचे प्रथिन स्रवते. ते पुढे खरवसासारखे थिजते, वाटेत सापडलेल्या पेशींना धरून ठेवते आणि नळीचाच आकार घेऊन लघवीबरोबर बाहेर येते. मूत्राशयात किंवा मूत्रवाहिनीत झालेल्या रक्तस्रावाला हा साचा मिळत नाही. रंग सांगतो की रक्त आहे. ते कोठून आले, हे ही कांडी सांगते.

मी बाहेर येऊन मुलाच्या पायांकडे पाहिले. नडग्यांवर वाळलेल्या फोडांचे डाग होते. "हे कधीचं?" "रोप लावायच्या वक्ताचं. चिखलात खाजवून खाजवून पिकले होते." म्हणजे तीन-चार आठवडे झाले होते. स्ट्रेप्टोकोकस जंतूंमुळे त्वचेवर फोड आल्यानंतर मूत्रपिंडाला सूज येण्यास साधारण एवढाच काळ लागतो. घसा धरल्यानंतर तो कमी, एक-दोन आठवड्यांचा असतो. जंतूंविरुद्ध लढताना तयार झालेले प्रतिपिंडांचे पुंजके गाळणीत अडकतात. सुजलेल्या पेशींनी केशवाहिन्या बुजतात, त्यामुळे मीठ-पाणी अंगात साठते. शिवाय पडदा जागोजागी फुटतो, म्हणून रक्त गळते. गाळणी एकाच वेळी तुंबलेली आणि फाटलेली, हे आईला समजावणे मला सर्वांत अवघड गेले.

रक्तदाब १४०/९६ भरला, आठ वर्षांच्या मुलासाठी फारच जास्त. मी त्याच्या डॉक्टरांना फोन केला आणि बालरोगतज्ज्ञांकडे त्याच दुपारी दाखल करण्यास सुचवले. अशा सुजेत खर्ची पडणारे रक्तातील सी-३ हे प्रथिन कमी आले, तेव्हा शंका उरली नाही. मीठ-पाण्यावर बंधन आणि लघवी वाढवणारे औषध यांवर चौथ्या दिवशी लघवी मोकळी झाली व सूज उतरली.

दिवाळीच्या आधी ती दोघे पुन्हा आली. बाटली नवी होती आणि लघवी सकाळी नऊची, बसस्थानकावर उतरल्यावरची, हे आईने मी विचारण्याआधीच सांगितले. सी-३ पूर्ववत झाले होते. पट्टीवर चार-पाच तांबड्या पेशी होत्या, त्या काही महिने राहू शकतात. कांडी मात्र मी सगळी पट्टी पालथी घालूनही सापडली नाही.