वाण्यांची मिश्र पेटी: पावसाळ्यानंतरची नोंद

वाणी म्हणजे मिलिपीड, पावसाळ्यात दिसणारा पुष्कळ पायांचा लांबट किडा; हे पाळण्याची ही पेटी. पेटी ४५ × ३० सेंमी, आत पाला-मातीचा १२ सेंमी थर. रहिवासी दोन: तांबडा वाणी (ट्रायगोनिउलस कोरालिनस) आणि घाटातला मोठा काळा, स्पायरोस्ट्रेप्टिडा गणातला. चपट्या पाठीचा वाणी, काँड्रोमॉर्फा, मुद्दाम बाहेर ठेवला आहे. तो डिवचला गेला की हायड्रोजन सायनाइड सोडतो, कडू बदामासारखा वास येतो. हवा कमी खेळणाऱ्या पेटीत हा धोका नको. उरलेल्या दोघांच्या स्रावात क्विनोन (डाग पाडणारी, झोंबणारी रसायनं) असतात. बोटं पिवळी-तपकिरी होतात, हात धुईपर्यंत डोळे चोळू नयेत.

थरात तीन भाग कुजलेला पाला (आंबा, फणस, देशी बदाम), दोन भाग बोटांनी चुरा होणारं पांढरं कुजकं लाकूड, एक भाग माती. कोकोपीट ओल धरतं, पण पोट भरत नाही. निव्वळ त्यावर ठेवलेले वाणी बरेच दिवस ठीक दिसतात आणि मग एकेक करून जातात. पाला दोन दिवस फ्रीजरमध्ये ठेवला की गोमा मरतात. भाजू मात्र नये, कुजवणारी बुरशीच जळून जाते. कॅल्शियमसाठी समुद्रफेस, काष्ठौषधींच्या दुकानात मिळतो. थराची मूठ दाबल्यावर गोळा व्हावा, पाणी टपकू नये; एक कोपरा थोडा कोरडा.

आता मुख्य गोष्ट. तांबड्यांची पिल्लं चिक्कार, काळ्यांचं एकही नाही. नर आहेत, याची खात्री करता येते: काचेवर चालवून खालून पाहा, डोक्यामागची गळपट्टी पहिलं वलय मोजून शरीराच्या सातव्या वलयाखाली पायांच्या रांगेत फट दिसली की नर. गोम (म्हणजे किडा नव्हे, मेख!) थरात आहे. चिमूटभर काढून चोळा. मोहरीसारखे गोल दाणे निघाले तर ती विष्ठा. थर भरलेला दिसतो, पण अन्न तांबड्यांनी संपवलेलं असतं. शिवाय त्यांची सततची उकराउकर कात टाकणाऱ्याच्या थरातल्या कोठडीपर्यंत पोचते. कात टाकताना वाणी पांढरट, मऊ, हलू न शकणारा असतो. तिथे धक्का लागला की संपलं. पॉर्सेलिओ वुडलाऊस (ओलाव्यात राहणारे चपटे, खवलेदार किडे) सफाईला घालायचा मोह याच कारणासाठी टाळलेला बरा, स्प्रिंगटेल (उड्या मारणारे, बुरशी खाणारे बारीक जीव) पुरतात.

काकडी किंवा दुधीची चकती रात्री ठेवून सकाळी उचलायची. माशांचं खाद्य पंधरवड्यातून चिमूटभर, जास्त झालं की माइट्स (बारीक कोळीकिडे) होतात.

पुढे काळ्यांची जोडी वेगळ्या पेटीत, थर निदान २० सेंमी. तांबड्यांच्या थराचा वरचा तिसरा भाग बदलायचा. काढलेला टाकायचा नाही, त्यात अंडी आणि पांढरी पिल्लं असतात. झाकणाच्या डब्यात, भोकांना डासांची जाळी लावून, दोन-तीन महिने ओलसर ठेवायचा. मिश्र पेटी बघायला छान, पण पैदाशीला जातवार डबेच लागतात.